बिरड्याचा रोजा आणि हिब्रूचे व्याकरण

प्रस्तावना

भात कापून झाले की आमच्या कर्जत-खालापूरकडे त्याच खाचरात, मातीत उरलेल्या ओलीवर वाल पेरतात. थंडीत शेंगा भरल्या की मडक्यात भाजून त्यांची पोपटी लागते. वाळवलेले वाल डब्यात भरून ठेवले की घरात वर्षभर बिरडे होते. आदल्या दिवशी भिजत घालायचे, फडक्यात बांधून मोड आणायचे, मग कोमट पाण्यात टाकून एकेक डाळिंबी सोलायची. हे काम घाईने होत नाही. घरातल्या बायका ताटाभोवती बसतात आणि बोलता बोलता सोलतात.

याच बिरड्याच्या नावाने एक उपवास ओळखला जात असे. तो आपल्या ओळखीच्या कोणत्याही पंचांगात सापडणार नाही. यहुदी कालगणनेतल्या आव महिन्याची नववी तिथी हा जेरुसलेमच्या मंदिराच्या विध्वंसाचा दिवस. जगभरचे यहुदी त्या दिवशी कडक उपवास करतात. रायगडातल्या यहुद्यांनी, म्हणजे बेने इस्राएलांनी, त्या दिवसाला ‘बिरड्याचा रोजा’ असे नाव दिले. शोकाच्या दिवसांत मांस वर्ज्य, म्हणून ताटात बिरडे. हजारो मैलांवर पडलेल्या एका मंदिराची आठवण अशी वालाच्या मोडात जपली गेली. ‘बिरडे’ शब्द मराठी, वाल आपल्या खाचरातला, ‘रोजा’ शेजारच्या मुसलमानांकडून घेतलेला आणि दुःख जेरुसलेमचे. हे नाव प्रथम माझ्या वाचनात आले त्या दिवशी हा विषय माझ्या घरचा झाला. हे पुस्तक तिथून सुरू झाले.

पुस्तकाचा विषय बेने इस्राएलांचे शिक्षण, त्यांची विद्वत्ता आणि त्यांचे सामाजिक जीवन हा आहे. त्यांच्याविषयी मराठीत जे सांगितले जाते ते बहुधा दोन गोष्टींवर थांबते. एक, नौगावच्या किनाऱ्यावर फुटलेले गलबत. दोन, शनिवारी घाणा बंद ठेवणारे ‘शनवार तेली’. दोन्ही गोष्टी जपण्यासारख्या आहेत. पण त्यांच्यापुढे शंभर-सव्वाशे वर्षांचा असा एक काळ आहे, ज्यात या छोट्या समाजाने हरवलेले ग्रंथ परत मिळवले, ते समजून घेतले आणि आपल्या मुलांना शिकवले. हे सगळे त्यांनी मराठीतून केले. मराठीच्या पायऱ्यांनी चढून ते हिब्रूपर्यंत पोहोचले. म्हणून त्यांच्या विद्येचा इतिहास हा मराठी विद्येच्याही इतिहासाचा भाग आहे. एवढेच या पुस्तकाचे म्हणणे आहे, आणि ते मी पूर्ण विश्वासाने मांडते आहे.

कर्जत-खालापूरच्या वाचकाला वाटेल, ही तर किनाऱ्याकडची गोष्ट. खरे आहे. त्यांची आडनावे वाचली तरी अलिबाग, पेण, रोहे, मुरूड हा पट्टाच डोळ्यांसमोर येतो. किहीमचे ते किहीमकर, तळ्याचे तळकर, चौलचे चेऊलकर, अष्टमीचे अष्टमकर, तसेच पेणकर, रोहेकर, नौगावकर. पेण तालुक्यातल्या वाक्रूळवरून वाक्रूळकर झाले. त्यांची जुनी प्रार्थनास्थळेही अलिबाग, रेवदंडा, पेण, पनवेल अशा गावांत आहेत.

पण किनाऱ्यावरच्या खेड्यातून पुण्याकडे जायचे तर वाट आमच्या अंगणातून जाते. चौल बंदराचा माल ज्या वाटांनी देशावर चढत असे, त्यांतली एक बोरघाटाची. त्या वाटांचे वय आमच्याकडची कोंडाण्याची लेणी सांगतात. १८३० मध्ये घाटातून गाड्यांचा रस्ता झाला. १८५६ मध्ये आगगाडी खोपोलीपर्यंत आली. १८६३ मध्ये ती घाट चढून गेली आणि कर्जत हे घाट चढण्याआधी दम घेण्याचे ठिकाण बनले. तेव्हा कर्जत ठाणे जिल्ह्यात होते, कुलाबा जिल्ह्यात, म्हणजे आजच्या रायगडात, ते १८९१ मध्ये आले. याच काळात बेने इस्राएल तेलाचा घाणा आणि शेती सोडून पलटणीत, रेल्वेत, टपालखात्यात, दवाखान्यांत आणि शाळांत शिरत होते. त्यांच्या वस्त्या मुंबईत आणि पुण्यात वाढत होत्या. खालापूरच्या रस्त्याने आणि कर्जतच्या रुळांवरून माणसे गेली, तशी त्यांच्यासोबत पुस्तकेही गेली. आमचा मुलूख या कहाणीतली वाट आहे. वाटेवर राहणाऱ्याने कोण गेले, काय घेऊन गेले, हे विचारले पाहिजे.

आता ग्रंथ हरवलेल्या काळाकडे वळू. समाजाची परंपरा सांगते की नौगावजवळ गलबत फुटले, त्यातून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि त्यांचे सगळे धर्मग्रंथ समुद्रात गेले. घटना कोणत्या शतकातली, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. नौगावला या पूर्वजांचे स्मारक आहे. परंपरेच्या पोटात दडलेला प्रश्न मात्र प्रत्येक शिक्षकाने विचारात घ्यावा असा आहे. पुस्तक नाही, गुरू नाही, शाळा नाही, आणि तरीही मुलांना काय नि कसे शिकवायचे?

बेने इस्राएलांनी जे केले ते असे. मुलाची सुंता आठव्या दिवशी करायची. शनिवारी कामाला हात लावायचा नाही. खवले आणि पर असलेलीच मासळी खायची. मांसाबरोबर दूध चालत नाही, म्हणून स्वयंपाकात नारळाचे दूध. आणि एक प्रार्थना पाठ ठेवायची, ‘शेमा इस्राएल’, म्हणजे ‘हे इस्राएला, ऐक’. देव एकच आहे, अशी ग्वाही देणारी ही प्रार्थना जन्मापासून मरणापर्यंत प्रत्येक प्रसंगी म्हटली जाई. सणांची हिब्रू नावे विसरली, पण सण विसरले नाहीत. त्यांना मराठी नावे मिळाली: नवे वर्ष तो नव्याचा सण, प्रायश्चित्ताचा दिवस तो दरफाळणीचा सण, पुरीम म्हणजे होळीचा सण. दरफाळणीच्या दिवशी दारे लावून घ्यायची, बाहेरच्या कोणाला शिवायचे नाही, दिवसभर उपास करायचा.

हे सगळे शिकवले कोणी? बहुतांश घरातल्या बायकांनी. नव्या वर्षाला गव्हाच्या चिकाचा आणि नारळाच्या दुधाचा हलवा, आशीर्वादाच्या पेल्यात द्राक्षासवाऐवजी काळ्या मनुका भिजवून केलेले सरबत, नवसफेडीला एलियाहू हन्नाबीच्या, म्हणजे एलिया संदेष्ट्याच्या नावाने मलिदा. मलिद्याच्या ताटात भिजवलेले गोड पोहे, खोबरे, वेलची आणि फळे. अलिबाग तालुक्यातल्या खंडाळ्याजवळ एलियाहू येऊन गेल्याची श्रद्धा आहे. तिथल्या खडकावरची खूण त्याच्या रथाच्या चाकाची मानतात, आणि आजही लोक तिथे नवस फेडायला जातात. शाळा नसलेल्या समाजात स्वयंपाकघराने शाळेचे काम केले. या पुस्तकाचे पहिले प्रकरण म्हणूनच चुलीपासून सुरू होते.

दुसरे प्रकरण काजींचे आहे. डेव्हिड रहाबी नावाचा एक यहुदी या लोकांमध्ये आला, असे परंपरा सांगते. तो कोणत्या काळातला, हा वादाचा विषय आहे. त्याने हे आपलेच लोक आहेत का, याची पारख केली आणि त्यांना धर्माचे शिक्षण दिले. झिराड, राजपूरकर आणि शापूरकर या तीन घराण्यांतली माणसे त्याने तयार केली. त्यांना पुढे काजी म्हणू लागले. हे काजी गावोगाव फिरत, लग्ने लावत, सुंता करत, तंटे सोडवत. हा फिरता शिक्षक होता आणि त्याच्या शिकवणीची भाषा मराठी होती.

अठराव्या शतकाच्या अखेरीस चित्र पालटू लागले. १७९६ मध्ये सामाजी हसाजी दिवेकर यांनी मुंबईत बेने इस्राएलांचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. दिवेकर कंपनीच्या फौजेतले अधिकारी. टिपूच्या कैदेतून सुटल्याबद्दल केलेला हा नवस, अशी आठवण समाज सांगतो. लोक प्रार्थनामंदिराला साधेपणाने ‘मशीद’ म्हणत. या मशिदी वाढल्या: रेवदंड्याला १८४२, अलिबागेत १८४८, पनवेलला १८४९, पेणला १८६३. प्रार्थना करायला मंदिर झाले, पण हिब्रू वाचणार कोण? तेव्हा कोचीनचे यहुदी मदतीला आले. त्यांच्यातल्या शेलोमो सालेम शुर्राबी यांचे नाव समाज आजही आदराने घेतो. प्रार्थना कशी चालवायची, तोराची, म्हणजे मूळ धर्मग्रंथाची, गुंडाळी कशी वाचायची, सणांचा क्रम कसा धरायचा, हे या माणसांनी शिकवले. सामाजिक व्यवस्थाही मशिदीभोवती उभी राहिली. मुकादम आणि चौगुला हे पुढारी, हझान प्रार्थना चालवणारा, गब्बाई पैशांचा हिशोब ठेवणारा, शम्माश देखभाल करणारा. न्यायनिवाडा, मदत, अंत्यविधी आणि मुलांची शिकवणी एकाच आवारात होई.

याच सुमारास मिशनऱ्यांच्या शाळा सुरू झाल्या. मुंबईत आणि कुलाबा किनाऱ्यावर अमेरिकन मराठी मिशनच्या शाळांत बेने इस्राएल मुले शिकली, आणि त्यांच्यातले काहीजण पंतोजीही झाले. स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन १८२९ मध्ये मुंबईस आले. १८३२ मध्ये त्यांनी हिब्रू भाषेच्या मूलतत्त्वांचे व्याकरण मराठीतून छापले. दादोबा पांडुरंग यांचे मराठी भाषेचे व्याकरण १८३६ मध्ये निघाले. म्हणजे त्याच्या चार वर्षे आधी, मराठीतून हिब्रू शिकायची सोय झाली होती. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता, ही गोष्ट झाकायचे कारण नाही. बेने इस्राएलांनी विद्या घेतली आणि धर्म आपला ठेवला. ख्रिस्ती झालेले हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. मिशनरी शाळेत मिळालेल्या हिब्रूनेच त्यांना आपल्या पूर्वजांच्या ग्रंथांचे दार उघडून दिले.

त्या दारातून आत गेलेल्यांमध्ये जोसेफ एझेकिएल राजपूरकर यांना मी अग्रस्थानी ठेवते. जन्म १८३४, मृत्यू १९०५. मुंबईच्या डेव्हिड ससून बेनेव्होलंट इन्स्टिट्यूशन या शाळेत ते शिक्षक म्हणून लागले, १८६१ मध्ये मुख्याध्यापक झाले आणि सुमारे चाळीस वर्षे त्या खुर्चीवर राहिले. मुंबई विद्यापीठाने त्यांना हिब्रूचे परीक्षक नेमले. दिवसा शाळा चालवायची आणि उरलेल्या वेळात हिब्रू प्रार्थनापुस्तके मराठीत आणायची, असे त्यांचे आयुष्य. पहाटेच्या, सणांच्या, उपवासांच्या प्रार्थना त्यांच्यामुळे घरोघर मराठीत पोहोचल्या. ज्याला हिब्रू येत नाही त्याने निदान आपण देवाशी काय बोलतो ते समजून बोलावे, ही त्यामागची कळकळ. ज्ञानेश्वरांच्या भाषेत वाढलेल्या वाचकाला ही कळकळ नवी वाटणार नाही.

पुण्याकडे घाट चढलेल्यांनीही काम केले. १८७४ मध्ये पुण्यात एक हागादा छापली गेली. वल्हांडण सणाच्या रात्री, इजिप्तच्या गुलामीतून झालेल्या सुटकेची कथा ज्या पुस्तकातून वाचतात ते हे पुस्तक. संपादक मोझेस जेकब तळकर आणि आरोन डॅनियल तळकर, दोघेही आडनावाने तळ्याचे. एका बाजूला हिब्रू, दुसऱ्या बाजूला मराठी, आणि सोबत चित्रे. चित्रांत लुगडी नेसलेल्या बायका जमिनीवर बसून बेखमीर भाकरीचे पीठ मळताहेत, लाटताहेत, भाजताहेत. तीन हजार वर्षांपूर्वीच्या सुटकेची कथा सांगताना चित्रकाराने आपल्याच घरातले स्वयंपाकघर काढले.

यापुढची गोष्ट मला सर्वांत जवळची वाटते. १८८० च्या सुमारास मुंबईत बेने इस्राएलांनी कीर्तन सुरू केले. पूर्वरंग, उत्तररंग, साकी, दिंडी, ओवी, झांज आणि टाळ सगळे आपले. आख्यान मात्र अब्राहामाचे, मोशेचे, जोसेफाचे. बेंजामिन शिमशोन अष्टमकर यांच्यासारख्यांनी त्यासाठी रचना केल्या. जे समाजबांधव प्रार्थनेत हिब्रू ऐकून मान डोलावत, ते कीर्तनात कथा ऐकून रडू लागले. विद्वत्ता लोकांपर्यंत न्यायची तर त्यांच्या कानाला सवयीचा ताल लागतो, हे कीर्तनाने दाखवून दिले. त्याच काळात ‘सत्यप्रकाश’, ‘इस्राएल धर्मदीप’ अशी मराठी नियतकालिके निघाली. धर्मशास्त्राचे प्रश्न, समाजातले तंटे, मुलींचे शिक्षण, सगळे त्यांत चर्चिले जाई.

शाळेची गोष्ट हाईम सॅम्युअल किहीमकर यांच्याशिवाय सांगता येत नाही. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १८७५ मध्ये मुंबईत इस्राएलाईट स्कूल सुरू केले. गरीब मुलांना धर्माचे आणि व्यवहाराचे शिक्षण एका छपराखाली मिळावे, ही त्यांची धडपड. पुढे ही शाळा सर एली कदूरी यांच्या नावाने ओळखली जाऊ लागली. किहीमकरांनी समाजाचा इतिहासही लिहिला, तो १८९७ मध्ये पूर्ण झाला. पुस्तक मात्र त्यांच्या मृत्यूनंतर, १९३७ मध्ये तेल अवीवमध्ये छापले गेले. सणांची मराठी नावे आपल्याला कळतात ती मुख्यतः या माणसाने ती वेळेवर लिहून ठेवली म्हणून. बिरड्याचा रोजा त्याच्याच वहीतून आपल्यापर्यंत आला.

या शाळेच्या मुख्याध्यापकपदी १९२२ मध्ये रिबेका रूबेन आल्या आणि १९५० पर्यंत राहिल्या. १९०५ च्या मॅट्रिक परीक्षेत मुंबई विद्यापीठात त्या पहिल्या आल्या होत्या. मुलींनी मॅट्रिकपर्यंत पोहोचणेच दुर्मीळ होते, तो हा काळ. त्यांच्याच पिढीतल्या डॉ. जेरुशा झिराड लंडनहून स्त्रीरोगशास्त्र शिकून आल्या आणि कामा रुग्णालयाच्या प्रमुख झाल्या. पुढे १९६६ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. एके काळी काजी देणाऱ्या झिराड या नावाने आता डॉक्टर दिली. चुलीपाशी धर्म सांभाळणाऱ्या आजीची नात शाळा आणि दवाखाना चालवू लागली, यात मला तुटलेले काही दिसत नाही, एक सलग धागा दिसतो. सोलायचे, निवडायचे, जपायचे, पुढे द्यायचे, हे काम आजीनेही केले आणि नातीनेही.

१९४८ च्या सुमारास भारतात बेने इस्राएल वीस हजारांच्या आसपास होते. इस्रायल देश उभा राहिला आणि हळूहळू बहुतेकजण तिकडे गेले. तिथे त्यांना एक कडू अनुभव आला. काही धर्मपीठांनी त्यांच्या यहुदीपणावर शंका घेतली, लग्नांच्या वेळी वंशावळीची चौकशी मागितली. ज्यांनी पुस्तकाशिवाय धर्म टिकवला त्यांच्याकडे कागद मागितले गेले. त्यांनी जेरुसलेममध्ये धरणे धरले, आणि ऑगस्ट १९६४ मध्ये इस्रायलच्या संसदेने ते सर्वार्थाने यहुदी आहेत, असा ठराव केला. त्या देशात राहूनही त्यांनी मराठी सोडली नाही. ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक तिथून निघते, मलिदा होतो, लग्नाआधी मेंदी लागते. भारतात आज यहुदी साडेचार-पाच हजारांच्या घरात आहेत. महाराष्ट्र शासनाने २०१६ मध्ये त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला. रायगडातल्या मशिदी तोराच्या गुंडाळ्यांसह उभ्या आहेत, पण रोजच्या प्रार्थनेला लागणारे दहा पुरुष जमणे कठीण झाले आहे. मुंबईतल्या त्यांच्या जुन्या शाळेत आज इतर धर्मांची मुले बहुसंख्येने शिकतात. ज्या समाजाला कधी दुसऱ्यांच्या शाळेत बसून शिकावे लागले, त्याची शाळा आता दुसऱ्यांच्या मुलांना शिकवते. याहून चांगली परतफेड मला माहीत नाही.

हे पुस्तक मी इतिहासकार म्हणून लिहिलेले नाही. मी या मुलखात शाळेत शिकवत आले. कर्जत आणि खालापूरच्या वाड्या-पाड्यांवरून ठाकर आणि कातकरी घरांतली मुले शाळेत येतात, तेव्हा त्यांच्या तोंडात त्यांच्या घरची बोली असते. पहिलीच्या वर्गात त्यांना मराठीचे पुस्तक दिले जाते आणि पहिल्या दिवसापासून ‘असे नाही, तसे म्हण’ सुरू होते. कित्येक मुले चौथीपर्यंतही गप्प असतात. त्यांना काही येत नाही, असा शेरा पडतो. मीही असे शेरे मारले आहेत, आणि ते आठवले की आज मला वाईट वाटते.

बेने इस्राएलांच्या या कहाणीने मला माझी चूक दाखवली. त्यांना जेव्हा मोठी, परकी, पवित्र अशी हिब्रू शिकायची वेळ आली, तेव्हा कोणी त्यांची मराठी पुसायला सांगितली नाही. विल्सनचे व्याकरण मराठीत होते, राजपूरकरांची प्रार्थना मराठीत होती, अष्टमकरांचे कीर्तन मराठीत होते. घरच्या भाषेच्या पायरीवर पाय ठेवूनच ते वर चढले, म्हणून त्यांना वर चढता आले. आमच्या मुलांसाठी ही पायरी म्हणजे त्यांची बोली. मराठी त्यांना तशीच दूरची वाटते, जशी एके काळी हिब्रू किहीमच्या मुलाला वाटत असेल. त्यांच्या बोलीतून मराठीकडे नेणारी पुस्तके, गाणी, शिक्षक त्यांना मिळाले, तर तीही बोलू लागतील.

आणि त्यांच्या घरी काय जपले गेले आहे, हेही आपण विचारू. प्रत्येक घरात एखादा बिरड्याचा रोजा असतो. त्याचे नाव कोणीतरी वेळेवर लिहून ठेवावे लागते. हे पुस्तक वाचून आमच्या भागातल्या एका तरी शिक्षकाने आपल्या वर्गातल्या कातकरी मुलीला घरी सणाला काय करतात ते विचारले, आणि तिने तिच्या शब्दांत सांगितलेले फळ्यावर लिहिले, तर किहीमकरांचे ऋण थोडेसे फिटले, असे मी मानेन.